फितीच्या कडेची करडी पट्टी

सिनेमाच्या धंद्यातली माणसं भारताचा नकाशा वेगळा काढतात. त्यांच्या नकाशात राज्यं नसतात, सर्किटं असतात: बॉम्बे, निजाम, सी.आय. (सेंट्रल इंडिया), सी.पी. बेरार. इंग्रजांनी मध्यप्रांत आणि वऱ्हाड म्हणून चालवलेला प्रांत कधीच मोडला, पण चित्रपट वितरणात 'सी.पी. बेरार' हे नाव टिकून राहिलं, आणि त्या सर्किटाचं एक मोठं ठाणं म्हणजे आपलं भुसावळ. सेंट्रल सर्किट सिने असोसिएशन या वितरक-प्रदर्शकांच्या संघटनेचं मुख्यालय भुसावळलाच आहे. दीपनगरच्या वीजकेंद्राच्या वसाहतीतून बाजाराला म्हणून भुसावळला जाणाऱ्या पुष्कळांना याचा पत्ताही नसतो.

भुसावळ पूर्वी मुंबई इलाख्यात होतं, मध्यप्रांतात कधीच नव्हतं. तरी धंद्याने ते तिकडे जोडलं, कारण रेल्वे. मुंबईहून निघालेली जी.आय.पी. रेल्वेची गाडी इथे आली की रुळांना दोन वाटा फुटतात, एक खंडवा-इटारसीकडे आणि दुसरी अकोला-बडनेऱ्यावरून नागपूरकडे. पलीकडे जळगावहून अमळनेर-नंदुरबारमार्गे सुरतेला जाणारी ताप्ती व्हॅलीची लाइन आहेच. सिनेमाची रिळं पत्र्याच्या डब्यांतून रेल्वे पार्सलनेच हिंडायची. एका गावचा खेळ संपला की डबे गाडीवर चढायचे आणि पुढच्या गावी उतरायचे. ज्या जंक्शनवरून जास्त दिशांना डबे जातात, ते गाव धंद्याचं.

१९३१ नंतर या डब्यांतल्या फितीत वरवर पाहता फार थोडा फरक पडला. फितीच्या एका कडेला, चित्राची जागा खाऊन, साधारण अडीच मिलिमीटर रुंदीची एक करडी पट्टी आली. एवढ्याशा पट्टीने नटनट्यांच्या नोकऱ्या गेल्या, नाटक कंपन्या बसल्या, मराठी भाषेला पडद्यावर घर मिळालं आणि खानदेशातल्या जत्रेत सिनेमाच्या तंबूत बसलेल्या प्रेक्षकाचं सिनेमाशी असलेलं नातं कायमचं बदललं.

तिची करामत समजून घ्यायला हवी. बोलणाऱ्याचा आवाज मायक्रोफोनवर पडतो, त्याची वीज होते, त्या विजेच्या चढउताराने प्रकाशाची तिरीप कमीजास्त होते आणि ती फितीच्या कडेवर उमटते. थेटरात नेमकं उलट होतं. प्रोजेक्टरमधल्या एका लहान दिव्याचा बारीक झोत पट्टीतून आरपार जातो, पलीकडच्या फोटोसेलवर पडतो, प्रकाशाची पुन्हा वीज होते आणि पडद्यामागच्या कर्ण्यातून माणूस बोलायला लागतो. यंत्रात चित्राची खिडकी वर आणि आवाजाचा दिवा खाली, म्हणून एखाद्या चित्राचा आवाज त्याच्या बाजूला छापता येत नाही. तो सुमारे वीस चौकटी पुढे छापलेला असतो. शिवाय चित्र एकेक चौकट थांबत-थांबत सरकतं आणि आवाजाला मात्र अखंड, सारख्या गतीने धावणारी फीत लागते. मूकपटाचा ऑपरेटर हाताने दांडा फिरवायचा, मारामारी आली की वेग वाढवायचा, कंटाळवाणा प्रसंग असला तर उरकून घ्यायचा. बोलपटात सेकंदाला २४ चौकटी हा वेग ठरला तो ठरलाच. त्यात कसर आली की नायकाचा आवाज भसाडा होतो नाहीतर चिरका. हजार फुटांचं रीळ, तेही अकरा मिनिटांत संपणारं, त्याच गतीने पळालं पाहिजे, आणि त्यासाठी स्थिर वीज पाहिजे. दीपनगरात निम्म्या घरांचं पोट व्होल्टेज आणि फ्रिक्वेन्सी सांभाळण्यावर चालतं, तेव्हा इथल्या वाचकाला हे फोड करून सांगायला नको. जत्रेत तंबू ठोकणाऱ्याला मात्र ती वीज स्वतःच जन्माला घालावी लागे: तेलावरचं इंजिन, त्याला पट्ट्याने जोडलेला डायनामो, आणि इंजिनाची धडधड आत ऐकू येऊ नये म्हणून ते लांब उभं करायचं. मूकपटाच्या काळात ती धडधड कुणाला खुपत नव्हती.

हिंदुस्थानात हे सगळं सुरू झालं ते १४ मार्च १९३१ रोजी, गिरगावातल्या मॅजेस्टिक सिनेमात लागलेल्या 'आलम आरा'पासून. अर्देशीर इराणींच्या इंपीरियल कंपनीचा हा पहिला भारतीय बोलपट. इराणींच्या स्टुडिओजवळून रेल्वेचे रूळ जात, आणि आवाजबंद खोली ही चीज तेव्हा नव्हती. मग गाड्या थांबल्यावर, मध्यरात्र उलटून गेल्यावर चित्रीकरण चाले. मायक्रोफोन कॅमेऱ्याला दिसू नये अशा बेताने कुठेतरी दडवायचे आणि नटांनी त्याच्या आसपास राहून बोलायचं. आवाजाची तानार यंत्रणा आणि ती जोडून देणारा विल्फर्ड डेमिंग हा अमेरिकी तंत्रज्ञ बाहेरून आणलेला. त्याची रोजची शंभर रुपयांची मागणी डोईजड वाटली म्हणून इराणी स्वतःच त्याच्याकडून ध्वनिमुद्रण शिकले. या यंत्रणेत चित्र आणि आवाज एकाच फितीवर, एकाच वेळी उमटत. एकदा बोललेलं ते बोललेलं. मागाहून दुरुस्ती नाही. चित्रपटात सात गाणी होती आणि पहिलं गाणं फकिराच्या भूमिकेतल्या वझीर महंमद खान यांनी गायलं. पहिल्या आठवड्यात चार आण्यांचं तिकीट काळ्या बाजारात चार-पाच रुपयांना गेलं, गर्दी आवरायला पोलीस लागले. आज 'आलम आरा'ची एकही प्रत शिल्लक नाही. ज्या चित्रपटाने आपल्याला आवाज दिला तो आपण जपला नाही, याचं दुःख करावं तेवढं थोडं आहे.

या चित्रपटाचा नायक होता आपला मराठी माणूस, मास्टर विठ्ठल. मूकपटातला तो मारधाडीचा राजा. शारदा कंपनीशी असलेला करार मोडून तो इंपीरियलकडे आला, खटला झाला, आणि त्याच्या बाजूने बॅरिस्टर जिनांनी काम चालवलं आणि तो जिंकला. कोर्टात जिंकला, पण उर्दू संवादांपुढे हरला. त्याची जीभ त्या भाषेला वळेना, म्हणून त्याची भूमिकाच अशी बेतली की नायक बराच वेळ गुंगीत असावा. सुलोचना म्हणून गाजलेल्या रुबी मायर्सला हिंदुस्थानी येत नव्हती. ती काही काळ पडद्यावरून बाजूला झाली, भाषा शिकली आणि मग परतली. मूकपटातल्या नटाचं भांडवल होतं त्याचं शरीर आणि चेहरा. पट्टी आल्यावर पहिला सवाल एकच: याला बोलता येतं का, आणि कोणत्या भाषेत?

तो सवाल जगभर उभा होता. 'द जॅझ सिंगर' १९२७च्या ऑक्टोबरात अमेरिकेत लागला आणि दोन-तीन वर्षांत युरोपातल्या प्रत्येक देशाला आपापल्या भाषेची चिंता पडली. स्पेनचं उदाहरण आपल्याशी जुळणारं आहे म्हणून सांगतो. तिथे फ्रान्सिस्को एलियास या दिग्दर्शकाने १९२९ मध्ये 'एल मिस्तेरिओ दे ला पुएर्ता देल सोल' हा पहिला स्पॅनिश बोलपट बनवला, पण ज्या यंत्रणेवर तो केला ती बसवलेली थेटरंच देशात जवळपास नव्हती. चित्रपट तयार, पण वाजवणार कुठे? या पोकळीत हॉलिवूड शिरलं. पॅरामाउंट कंपनी पॅरिसजवळच्या ज्वाँव्हिल इथे एकच गोष्ट अनेक युरोपीय भाषांत, नट बदलून, त्याच सेटवर ओळीने चित्रित करू लागली. युनिव्हर्सलच्या 'ड्रॅक्युला'चं इंग्रजी चित्रीकरण दिवसा चाले आणि रात्री त्याच सेटवर स्पॅनिश मंडळी येत. या आवृत्त्यांत मेक्सिकोचा, अर्जेंटिनाचा आणि स्पेनमधला नट एकाच घरातले भाऊ म्हणून बोलू लागले, आणि प्रेक्षक उच्चारांवरून चिडले. स्पेनला स्वतःचा बोलपटांचा स्टुडिओ मिळाला तो १९३२ मध्ये, बार्सिलोनात, ऑर्फेआ नावाचा.

त्याच वर्षी, ६ फेब्रुवारी १९३२ रोजी, 'अयोध्येचा राजा' हा पहिला मराठी बोलपट मुंबईत मॅजेस्टिकलाच लागला. फरक एवढाच, आणि तो माझ्या मते फार मोठा, की हा बोलपट मुंबईच्या बड्या भांडवलातून आला नव्हता. तो कोल्हापुरात, पाच भागीदारांनी १ जून १९२९ रोजी काढलेल्या प्रभात फिल्म कंपनीत तयार झाला होता. विष्णुपंत दामले, फत्तेलाल, शांताराम वणकुद्रे, केशवराव धायबर आणि सीताराम कुलकर्णी हे ते पाच जण. शांतारामबापू दिग्दर्शक, धायबर कॅमेऱ्यावर, फत्तेलाल सेटवर, आणि आवाज दामल्यांच्या हाती. दामले मुळात चित्रकार, बाबूराव पेंटरांच्या हाताखाली तयार झालेले. पडदे रंगवणारा हात आता ध्वनिमुद्रणाच्या यंत्रावर आला. त्यांना हे शिकवायला कोणतीही शाळा नव्हती. यंत्र उघडायचं, समजून घ्यायचं, पुन्हा जोडायचं, ही कोल्हापूरची रीत. बाबूरावांच्या घरी कॅमेराही असाच तयार झाला होता. यंत्रसामग्रीच्या व्यापारातही मराठी माणूस होता. 'पुंडलिक'कार दादासाहेब तोरणे मूव्ही कॅमेरा कंपनी चालवत, आणि पुढे त्यांनी पुण्यात सरस्वती सिनेटोन काढून 'श्यामसुंदर' हा बोलपट आणला. त्यातला कृष्ण होता अहमदनगरचा ख्रिस्ती मुलगा शाहू मोडक. मुंबईत हा बोलपट पंचवीस आठवड्यांवर चालला.

'अयोध्येचा राजा' म्हणजे हरिश्चंद्राचीच गोष्ट. दादासाहेब फाळक्यांनी १९१३ मध्ये मूकपटाची सुरुवात ज्या कथेने केली, तीच प्रभातने बोलपटासाठी घेतली. यात भाबडेपणा नव्हता, धंद्याचं शहाणपण होतं: नवी यंत्रणा दगा देईल, संवाद अर्धेमुर्धे कळतील, पण गोष्ट माहीत असेल तर प्रेक्षक सांभाळून घेईल. चित्रपट मराठीत आणि हिंदीत असा दोनदा बनला. सेट तोच, कपडे तेच, दिवे तेच. मराठी प्रसंग झाला की तोच पुन्हा हिंदीत. पार्श्वगायन अजून आलं नव्हतं, ते १९३५ मध्ये कलकत्त्याच्या न्यू थिएटर्सने आणलं. म्हणून गाणं म्हणजे नटाने कॅमेऱ्यापुढे उभं राहून प्रत्यक्ष गायचं, वादकांनी चौकटीच्या बाहेर बसून साथ करायची, आणि तबल्याची एक थाप चुकली तरी सगळं पहिल्यापासून. मग नायक कोण निवडणार? गोविंदराव टेंबे. 'मानापमान'च्या चालींचे कर्ते, पेटीवर ज्यांची बोटं अख्ख्या महाराष्ट्राला ठाऊक. राजा हरिश्चंद्रही तेच आणि संगीतकारही तेच. तारामती होत्या दुर्गा खोटे, सॉलिसिटर लाडांच्या घरातली शिकलेली मुलगी. 'अशा घरच्या बाईने पडद्यावर यावं?' हा गदारोळ 'फरेबी जाल'मधल्या छोट्या भूमिकेवरून आधीच झाला होता. तारामतीच्या भूमिकेने तो शमला. मूकपटात बाईची अदा दिसे. आता तिचं बोलणं ऐकू येऊ लागलं, आणि शुद्ध, सुशिक्षित बोलणाऱ्या बाईला एकाएकी किंमत आली.

हे सगळं खानदेशात पोचलं तेव्हा इथे काय होतं? मूकपटाचा खेळ कधीच मुका नव्हता. पडद्याजवळ पेटी-तबला घेऊन वादक बसत. चौकटीतल्या पाट्या इंग्रजी, गुजराती, उर्दू, मराठी अशा भाषांत असत, आणि वाचता येणारा कुणीतरी त्या मोठ्याने वाचून दाखवी, त्यात आपल्या पदरचं घाली. आपल्या मुलखातला प्रेक्षक म्हणजे भाषांची मिसळ: धुळे-अमळनेरकडची अहिराणी, यावल-रावेर-भुसावळची लेवा गणबोली, सातपुड्यातल्या पावरा-भिल्लांच्या बोली, व्यापारपेठेतली गुजराती-मारवाडी, रेल्वेच्या वसाहतीतली हिंदी-उर्दू. मूकपट या सगळ्यांचा सारखाच होता. सांगणारा गावचा असला की हरिश्चंद्र अहिराणीत बोलायचा, दुसऱ्या गावी आणखी कशात. करडी पट्टी आली आणि तो सांगणारा उठला. पेटीवाला उठला, तबलजी उठला. हरिश्चंद्र आता सगळीकडे एकच मराठी बोलू लागला, आणि ती होती संगीत नाटकाची, कोल्हापूर-पुण्याकडची मराठी.

मला ही खंत फार मोठी वाटते, पण ती सांगताना दुसरी बाजूही तितक्याच मोकळेपणाने सांगायला हवी. बोलपट आला नसता तर मराठी सिनेमा नावाचं काही उभंच राहिलं नसतं. मूकपटाला भाषेची हद्द नव्हती म्हणून त्याला मराठी, बंगाली असं घरही नव्हतं. आवाजाने बाजार तोडला, आणि त्या तुटलेल्या तुकड्यात आपल्या भाषेच्या लोकांना आपल्या रीतीने गोष्ट सांगायची मुभा मिळाली.

ती मुभा कुणाला पेलली आणि कुणाला नाही, हे बालगंधर्वांकडे पाहिलं की कळतं. त्यांचा आणि जळगावचा संबंध लहानपणचा. शिक्षणासाठी नारायण राजहंस, म्हणजेच पुढचे बालगंधर्व, काही काळ इथे नातेवाइकांकडे होते आणि मेहबूबखां यांच्याकडे गाणं शिकले. पुढे त्यांची गंधर्व नाटक मंडळी कर्जात बुडत असताना त्यांनी प्रभातशी करार केला. १९३५चा 'धर्मात्मा' हा एकनाथांवरचा चित्रपट, त्यात नाथांची भूमिका त्यांची. रंगभूमीवर त्यांचं एक पद वन्स मोअर घेत-घेत वाटेल तेवढं रंगायचं, समोरच्या माणसांच्या दादेवर फुलायचं. इथे समोर माणूस नाही, कॅमेरा आहे. पद तीन-चार मिनिटांत आटपायचं, प्रसंग तुकड्या-तुकड्यांत, आणि अंगावर नेहमीच्या स्त्रीभूमिकेतला शालू नाही. चित्रपट वाईट नव्हता, पण हा त्यांचा प्रांत नव्हे हे त्यांना उमगलं आणि करार पुढे चालला नाही. त्याच सुमाराला महाराष्ट्रभर फिरणाऱ्या संगीत नाटक मंडळ्या एकेक करून मिटत होत्या. बोलपटाने त्यांचा गाता नट, त्यांचा संगीतकार आणि त्यांचा प्रेक्षक असे तिन्ही घेतले. जळगाव-धुळ्याला बिऱ्हाड घेऊन महिना-महिना राहणाऱ्या कंपनीच्या मानाने पत्र्याच्या डब्यातली दहा-बारा रिळं स्वस्तच पडणार.

ज्यांना पेललं त्यांनी मात्र कमाल केली. १९३६चा 'संत तुकाराम' दामले-फत्तेलालांनी दिग्दर्शित केला. विष्णुपंत पागनीस नाटकात स्त्रीभूमिका करून आलेले, पण पडद्यावर त्यांनी आवाज इतका साधा, इतका आतला ठेवला की लोकांनी त्यांच्या तसबिरी लावून पूजा केली. एक अभंग शांताराम आठवल्यांनी स्वतः रचला आणि तो ऐकणाऱ्यांना गाथेतलाच वाटला. मला याहून मोलाची वाटते ती गौरी यांनी केलेली जिजाई. ती भांडते, करवादते, म्हशीशी बोलते, लेकरांसाठी देवालाही धारेवर धरते, आणि तिच्या बोलण्याला चुलीचा वास आहे. मराठी बोलपटात संगीत नाटकाचा झगा उतरून ठेवलेला आवाज तिचा. मुंबईच्या सेंट्रलला हा चित्रपट ५७ आठवडे चालला, १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात नावाजला गेला. ज्या मुलखात मुक्ताईची पालखी निघते, तापीकाठी तिची जत्रा भरते, तिथल्या वारकऱ्याला हा सिनेमा परका वाटण्याचं कारण नव्हतं.

आणि मग आवाजाची खरी समज दाखवणारा 'कुंकू', १९३७चा. म्हाताऱ्या विधुराशी फसवून लग्न लावलेली नीरा शांता आपटे यांनी केली. शांतारामबापूंनी इथे पार्श्वसंगीत अजिबात वापरलं नाही. जे वाजतं ते त्या घरातलंच: भिंतीवरच्या घड्याळाचे टोले, दाराची कुरकुर, रस्त्यावरचा गलका. नीरा गाते तीही ग्रामोफोनच्या साथीवर. पट्टी येऊन सात वर्षंही पुरती झाली नव्हती, सगळीकडे बोलपट म्हणजे गाण्यांची आतषबाजी असा समज होता, आणि प्रभातने शांतता वापरायला घेतली. मूकपटात शांतता नसते, कारण तिथे आवाजच नसतो. घड्याळ ऐकू आल्याशिवाय घरातली निःशब्द कोंडी ऐकू येत नाही.

मूकपटाची सुरुवात करणाऱ्या फाळक्यांना मात्र हा बोलपटाचा काळ फळला नाही. त्यांचा 'सेतुबंधन' मूकपट म्हणून तयार झाला आणि मागाहून त्याला आवाज चिकटवावा लागला. १९३७चा 'गंगावतरण' हा त्यांनी बोलपट म्हणून केलेला एकच चित्रपट. १९४४ मध्ये नाशकात ते गेले.

राहिला प्रश्न आपल्या बोलीचा. 'अयोध्येचा राजा' लागला तेव्हा जळगावात बहिणाबाई चौधरी पन्नाशी ओलांडलेल्या होत्या. शेतात, जात्यावर, चुलीपुढे त्या ओव्या रचत होत्या, त्याच लेवा गणबोलीत जी भुसावळ-यावलच्या घराघरांत बोलली जाते. लिहिता येत नव्हतं. जे टिकलं ते घरच्यांनी उतरवून घेतलं म्हणून. १९५१ मध्ये त्या गेल्या, १९५२ मध्ये आचार्य अत्र्यांच्या पुढाकाराने पुस्तक निघालं. १९६१च्या 'मानिनी' या मराठी चित्रपटात वसंत पवारांनी त्यांच्या कवितांना चाली लावल्या, आणि खानदेशची बोली गाण्यांच्या रूपाने त्या करड्या पट्टीवर उमटली. पहिल्या मराठी बोलपटाला तेव्हा २९ वर्षं झाली होती.